जपानी प्रेमकथांतील एकतर्फी प्रेम आणि घातक नाती: वारंवार विचारले जाणारे प्रश्न

जपानी मांगा (चित्रकथा) आणि अ‍ॅनिमे (सचेतपट) यांमधील प्रेमकथा नुकत्याच वाचू-पाहू लागलेल्या वाचकांसाठी, तसेच घरातल्या मुलांच्या हातात ही पुस्तके पाहून गोंधळलेल्या पालकांसाठी पुढील उत्तरे लिहिली आहेत. अनेक कथांचे शेवट त्यांत उघड झाले आहेत. ते टाळून या विषयावर धड काही बोलता येत नाही.

या कथांत एकतर्फी प्रेम इतक्या वेळा का येते?

एक कारण रिवाजात आहे आणि दुसरे नियतकालिकांच्या अर्थकारणात. जपानी शालेय प्रेमकथांत नात्याची सुरुवात बहुधा औपचारिक कबुलीने होते. एकाने समोरासमोर उभे राहून ‘तू मला आवडतेस, माझ्याशी नाते जोडशील का’ असे विचारायचे आणि दुसऱ्याने होकार किंवा नकार द्यायचा. मित्रांनी चिडवता चिडवता जोडी जमली, असा प्रकार तिथे कमी. शाळा सुटल्यानंतरची गच्ची, १४ फेब्रुवारीला मुलींनी द्यायचे चॉकलेट, १४ मार्चला मुलांनी करायची त्याची परतफेड, शाळेच्या निरोप समारंभाच्या दिवशी मुलाच्या गणवेशाचे दुसरे बटण मागून घेणे, हे सारे त्या एका क्षणाभोवती रचलेले विधी आहेत. कबुलीआधीचा सगळा काळ साहजिकच एकतर्फी प्रेमाचा ठरतो आणि लेखकाला तो हवा तितका ताणता येतो.

ताणण्याची गरज मासिकांमुळे निर्माण होते. मांगा आधी साप्ताहिकात किंवा मासिकात प्रकरणाप्रकरणाने छापली जाते आणि मग तिचे खंड निघतात. बऱ्याच नियतकालिकांत वाचकांचा कौल घेण्याची पद्धत आहे आणि मालिका चालू ठेवायची की गुंडाळायची, हे ठरवताना तो कौल मोजला जातो. जोडी जमली की उत्कंठा ओसरते, म्हणून घोंगडे भिजत ठेवण्याकडे कल असतो. दोघांच्या मध्ये अचानक उपटणारा तिसरा कोन पुष्कळदा या हिशेबातून आलेला असतो, हे ध्यानात ठेवले तर काही कथांवरचा राग निम्म्याने कमी होईल.

एकतर्फी प्रेम हे मुळातच घातक नाते म्हणायचे का?

नाही. मराठी वर्तमानपत्रांत ‘एकतर्फी प्रेमातून’ हे शब्द बहुधा हल्ल्याच्या बातमीच्या मथळ्यात भेटतात, त्यामुळे ते वाचताच आपल्या डोळ्यांपुढे पाठलाग, धमकी आणि सूड उभे राहतात. जपानी प्रेमकथांचा मोठा भाग मात्र अशा प्रेमाचा आहे, जे कोणालाही इजा न करता झुरते, कधी बोलून दाखवले जाते, नाकारले जाते आणि हळूहळू निवते.

क्लॅम्प या लेखिका-चित्रकारांच्या गटाची ‘कार्डकॅप्टर साकुरा’ १९९६ ते २००० या काळात ‘नाकायोशी’ या मुलींच्या मासिकात आली. तिच्यातली दहा-अकरा वर्षांची साकुरा थोरल्या भावाचा मित्र युकितो याला आपल्या मनातले सांगते. तो हसण्यावारी नेत नाही आणि खोटी आशाही लावत नाही. तिला वडिलांविषयी जे वाटते त्याच्याशी ही भावना ताडून पाहायला सांगतो आणि तिचे खरे प्रेमाचे माणूस पुढे भेटेल, असे म्हणतो. साकुरा त्याच्यासमोर सावरून धरते आणि नंतर वर्गमित्र श्याओरानजवळ रडते. लहान मुलांसाठीच्या कथेत नकार देण्याची आणि तो पचवण्याची रीत इतक्या नीटपणे क्वचितच दाखवली गेली असेल.

माकोतो शिनकाई यांच्या ‘५ सेंटीमीटर्स पर सेकंद’ (२००७) या चित्रपटाच्या मधल्या भागात तानेगाशिमा बेटावरची कानाए ताकाकीच्या प्रेमात आहे. सर्फिंग करताना लाटेवर उभे राहता आले की त्याला सांगायचे, असे ती ठरवते. तेही जमते, पण त्याच संध्याकाळी तिच्या लक्षात येते की हा मुलगा आपल्याशी कितीही चांगला वागला तरी त्याची नजर आपल्या पलीकडे कुठेतरी लागलेली आहे. ती काहीच बोलत नाही.

या दोन्ही मुली दुःखी होतात, पण त्यांच्या प्रेमात घातक असे काही नाही. नकार ऐकून घेतला जात नाही, किंवा तो ऐकावा लागू नये म्हणून तिसऱ्याच माणसाला वापरले जाते, तिथे बिघाड सुरू होतो.

‘हनी अँड क्लोव्हर’ हे एकतर्फी प्रेमाचे सर्वोत्तम उदाहरण का मानले जाते?

चिका उमिनो यांची ही मांगा २००० ते २००६ या काळात प्रसिद्ध झाली, २००३ मध्ये तिला कोदान्शा मांगा पुरस्कार मिळाला आणि २००५ मध्ये तिच्यावरच्या अ‍ॅनिमेने फुजी टीव्हीच्या ‘नोइतामिना’ या रात्रीच्या सदराची सुरुवात झाली. टोकियोतल्या एका कला महाविद्यालयातल्या या मित्रमंडळींत जवळजवळ प्रत्येकाचे प्रेम चुकीच्या दिशेला तोंड करून उभे आहे. कुंभारकाम करणारी यामादा मायामावर प्रेम करते, आणि मायामाचा जीव रिका या विधवा वास्तुरचनाकारात गुंतला आहे. रिका अजून मेलेल्या नवऱ्याबरोबरच जगते आहे.

एका प्रसंगात दारू चढलेल्या यामादाला मायामा पाठीवर घेऊन घरी सोडायला निघतो. त्याच्या पाठीवर रडत ती पुन्हा पुन्हा ‘मायामा, तू मला आवडतोस’ म्हणत राहते आणि तो दर वेळी नुसता ‘हं’ म्हणतो. त्याला हे आधीपासून माहीत आहे, त्याला ते माहीत असल्याचे तिलाही माहीत आहे, आणि तरी त्याने तिला रस्त्यात सोडून दिलेले नाही. या प्रसंगात कोणी खलनायक नाही, म्हणून तो इतका अवघड होतो.

त्याच मायामाचे रिकाच्या मागावर राहणे मात्र मालिका विनोदात घेते. मित्र त्याला पाठलाग करणारा म्हणून चिडवतात आणि विषय तिथेच संपतो. इतक्या संयमी लेखिकेचाही एक डोळा इथे मिटलेला आहे. याच मंडळींतली चित्रकार हागुमी हिने शेवटी वडिलांचा चुलतभाऊ असलेल्या, तिला सांभाळणाऱ्या प्राध्यापकाची निवड करणे अनेक वाचकांना आजही रुचत नाही. मला ती निवड प्रेमापेक्षा चित्रकलेची वाटते, पण हा आक्षेप निराधार म्हणता येणार नाही. हागुमीवर प्रेम करणाऱ्या ताकेमोतोच्या वाट्याला ती येत नाही. गाव सोडताना आगगाडीत तिने दिलेला पाव तो उघडतो, तेव्हा आत मधाबरोबर चार पानांचे क्लोव्हर रचलेले असतात, आणि सफल न झालेल्या प्रेमाला काही अर्थ होता का, या स्वतःच्या प्रश्नाला तो रडत रडत होकार देतो.

‘कुझु नो होन्काई’ वाचून अस्वस्थ वाटते. ती मुद्दाम तशी लिहिली आहे का?

होय. मेंगो योकोयारी यांनी ही मांगा २०१२ ते २०१७ या काळात स्क्वेअर एनिक्सच्या ‘मंथली बिग गांगान’मध्ये लिहिली-रेखाटली आणि २०१७ च्या जानेवारीत लेर्चे या स्टुडिओची बारा भागांची अ‍ॅनिमे मालिका आली. पुढे ‘ओशी नो को’ची चित्रे काढणाऱ्या त्या याच.

हानाबीचे प्रेम नारुमी या शिक्षकावर आहे. लहानपणापासून तो तिला मोठ्या भावासारखा आहे. मुगीचे प्रेम आकाने या संगीत शिक्षिकेवर आहे आणि ती पूर्वी त्याला घरी शिकवायला यायची. नारुमीला आकाने आवडते. आपल्या दोघांना कोणीच वाली नाही, हे ओळखून हानाबी आणि मुगी एक करार करतात: एकमेकांच्या प्रेमात पडायचे नाही, मूळ माणूस मिळाले की करार संपला, आणि तोपर्यंत डोळे मिटून समोरच्याच्या जागी त्या माणसाची कल्पना करायची. दुधाची तहान ताकावर भागवण्याचा हा प्रकार आहे. त्या दोघांना तो अगदी समंजस वाटतो, कारण दोघांची संमती आहे आणि कोणी फसवलेले नाही.

लेखिका या समंजसपणाची एकेक शीर उघडून दाखवते. सुरुवातीलाच हानाबी एका मुलाला नाकारताना म्हणते की ज्याच्यात आपल्याला रस नाही त्याने दाखवलेल्या प्रेमाइतके किळसवाणे दुसरे काही नसते. ते वाक्य तिच्या स्वतःच्या प्रेमालाही लागू पडते. तिची मैत्रीण सानाए हिचे हानाबीवर खरे प्रेम आहे, आणि एकटेपणा असह्य झाल्यावर हानाबी तिला जवळ येऊ देते, प्रेम परत करता येणार नाही हे माहीत असूनही. आतापर्यंत आपण जिची कीव करत होतो ती मुलगी इथे दुसऱ्याला वापरू लागते. अ‍ॅनिमेत पडद्याचे मांगासारखे चौकोन पाडले आहेत: एका चौकोनात ओठ, दुसऱ्यात बोटे, तिसऱ्यात डोळे. शरीरे जवळ असतात आणि चौकटी मात्र त्यांना वेगळे ठेवतात.

आकानेला पुरुषांच्या प्रेमापेक्षा दुसऱ्या स्त्रीचे माणूस आपल्याकडे ओढण्यात रस आहे. तिला शिक्षा होईल अशी वाचकाची अपेक्षा असते. तसे होत नाही. ती इतर पुरुषांकडे जाते हे कळूनही नारुमी शांतपणे तिचा स्वीकार करतो आणि दोघांचे लग्न होते. हे औदार्य आहे की स्वतःला फसवणे, यावर वाचकांचे एकमत होण्यासारखे नाही, आणि लेखिकेनेही निकाल दिलेला नाही. हानाबी नारुमीला मनातले सांगते, नकार घेते आणि तिथून तिचे सावरणे सुरू होते. ती आणि मुगी शेवटी एकत्र येत नाहीत. इतक्या प्रकरणांनंतर जोडी जुळवण्याचा मोह लेखिकेने टाळला, याचे मला सर्वांत जास्त कौतुक वाटते.

नायिकेला छळणारा नायक इतका लोकप्रिय का असतो?

योको कामियो यांची ‘हाना योरी दांगो’ १९९२ मध्ये ‘मार्गारेट’ या नियतकालिकात सुरू झाली. तिच्यातला दोम्योजी शाळेतल्या मुलांच्या कपाटात लाल चिठ्ठी लावतो आणि मग सगळी शाळा त्या मुलाच्या मागे लागते. सुरुवातीच्या भागांत तो नायिका त्सुकुशीवर जबरदस्ती करण्याचाही प्रयत्न करतो आणि ती रडू लागल्यावर थांबतो. पुढे तोच तिचा प्रियकर होतो. या कथेवर तैवानमध्ये २००१, जपानमध्ये २००५ आणि दक्षिण कोरियात २००९ साली दूरचित्रवाणी मालिका निघाल्या, म्हणजे हा साचा एका देशापुरता राहिला नाही. आयुको हात्ता यांच्या ‘वुल्फ गर्ल अँड ब्लॅक प्रिन्स’मध्ये (२०११ ते २०१६) एरिका रस्त्यात टिपलेले अनोळखी मुलाचे छायाचित्र आपल्या प्रियकराचे म्हणून मैत्रिणींना दाखवते. तो मुलगा, क्योया, तिच्याच शाळेतला निघतो आणि गुपित राखण्याच्या बदल्यात तिने आपले ‘कुत्रे’ व्हावे अशी अट घालतो.

आकर्षण समजण्यासारखे आहे. जगाला भारी पडणारा माणूस एकट्या आपल्यापुरता मऊ होतो, ही कल्पना सुखद आहे, आणि छापील पानावर ती सुरक्षितही आहे, कारण पुस्तक केव्हाही मिटता येते. त्सुकुशी मुकाट्याने सोसणारी नाही, ती दोम्योजीला थेट ठोसा मारते, हेही त्या लोकप्रियतेमागचे कारण आहे. आक्षेप आहे तो हिशेबावर. या कथांत नायकाचे दुःखी बालपण किंवा एकटेपणा उघड झाला की मागची सगळी उधारी माफ होते आणि त्याला बदलण्याचे काम नायिकेच्या गळ्यात पडते.

लेखक अशा वागण्याचे समर्थन करतो आहे की ते नुसते दाखवतो आहे, हे कसे ओळखावे?

संवादांपेक्षा चित्राकडे पाहावे. नायकाने भिंतीवर हात आपटून नायिकेची वाट अडवण्याचा प्रसंग घ्या. ‘काबे-दोन’ नावाने तो इतका गाजला की २०१४ साली जपानमधल्या वर्षाच्या गाजलेल्या शब्दांच्या यादीत पहिल्या दहांत होता. बहुतेक मांगांत त्या क्षणी मागची भिंत नाहीशी होते, तिच्या जागी ठिपके आणि फुले उमलतात, मुलीचे डोळे अर्धे पान व्यापतात आणि तिचे हात, पाय, निघून जायची वाट यांतले काहीही चौकटीत उरत नाही. चित्रानेच तिचा होकार गृहीत धरलेला असतो. तोच प्रसंग भिंतीसकट, दारासकट आणि तिच्या आखडलेल्या खांद्यांसकट काढला, तर अर्थ पालटतो.

मुलींच्या मांगात मनातले शब्द फुग्याबाहेर पानभर मोकळे लिहिण्याची पद्धत आहे. त्रास सोसणाऱ्या व्यक्तीला ते शब्द मिळाले आहेत की तिच्या वाट्याला नुसती लाजलेली मुद्रा आली आहे, हेही तपासावे.

‘यांदेरे’ म्हणजे काय?

प्रेमाच्या नावाखाली ताबा, पाळत आणि हिंसा यांपर्यंत जाणारे पात्र, बहुधा मुलगी. ‘मिराई निक्की’मधली युनो गासाई हे त्याचे ठळक उदाहरण आहे. या साच्यात पीडित बहुधा मुलगा असतो आणि म्हणूनच त्याचे हाल थट्टेवारी नेले जातात, ही त्यातली खरी अडचण आहे.

याच संदर्भात ‘स्कूल डेज’चे नाव निघते. मुलींशी बेपर्वाईने खेळणारा माकोतो आणि त्यातून घडणारा रक्तपात दाखवणाऱ्या या मालिकेचा शेवटचा भाग सप्टेंबर २००७ मध्ये ठरल्या वेळी दाखवला गेला नाही. क्योतो प्रांतात एका किशोरवयीन मुलीने कुऱ्हाडीने वडिलांची हत्या केल्याची बातमी त्याच सुमारास आली होती. खबरदारी म्हणून वाहिनीने त्या वेळेत संगीतासह निसर्गदृश्ये लावली. त्यांतले एक जहाज पाहून प्रेक्षकांनी केलेली थट्टा मालिकेपेक्षा जास्त टिकली.

शिक्षक-विद्यार्थी प्रेम तिथे चालते का?

कथांत पुष्कळ चालते, कायद्यात नाही. जपानच्या दंडसंहितेत संमतीचे वय १९०७ पासून १३ होते, जरी प्रांतांच्या नियमांमुळे १८ वर्षांखालील मुलांशी प्रौढांचे संबंध प्रत्यक्षात दंडनीय ठरत. २०२३ मध्ये ते वय १६ करण्यात आले. शिक्षकांकडून होणाऱ्या लैंगिक अत्याचाराविरुद्धचा स्वतंत्र कायदा २०२१ मध्ये संमत झाला. भारतात २०१२ च्या पोक्सो कायद्यानुसार १८ वर्षांखालील व्यक्तीची संमती ग्राह्यच धरली जात नाही, त्यामुळे आपल्या वाचकाला या कथा जास्त खटकणे स्वाभाविक आहे.

ज्या ‘कार्डकॅप्टर साकुरा’ची वर स्तुती केली, तिच्याच मांगात साकुराची वर्गमैत्रीण रिका आणि वर्गशिक्षक तेरादा यांचे नाते गोड म्हणून रंगवले आहे आणि तो तिला अंगठी देतो. दहा वर्षांच्या मुलीच्या बाबतीत याचे समर्थन कोणत्याही काळाचा दाखला देऊन करता येणार नाही.

‘फ्रूट्स बास्केट’ तर गोड कथा आहे. तिचा या यादीत समावेश का?

नात्सुकी ताकाया यांच्या या कथेत सोमा कुटुंबातल्या काहींना प्राण्यांच्या रूपात बदलणारा आणि कुटुंबप्रमुखाशी बांधून ठेवणारा शाप म्हणजे सक्तीच्या प्रेमाचेच रूप आहे. कुटुंबप्रमुख अकितो हिला सगळ्यांनी कायम आपल्याभोवतीच राहायला हवे असते आणि त्यासाठी ती मारहाण, कोंडून ठेवणे, अपमान यांतले काही सोडत नाही. कुटुंबातल्या हातोरीने लग्नाची परवानगी मागितली तेव्हा तिच्या हिंसेत त्याचा डोळा जायबंदी झाला.

याच कुटुंबातल्या कुरेनोचे प्रकरण मला सर्वांत मोलाचे वाटते. त्याचा शाप फार आधी सुटलेला असतो आणि तो निघून जाऊ शकत असतो, पण अकितो रडून गळ्यात पडते आणि तो कीव येऊन वर्षानुवर्षे थांबतो. त्या थांबण्याने तिचे काही भले होत नाही, त्याचेही होत नाही. दयेपोटी टिकवलेले नाते दोघांनाही कसे नासवते, हे इतक्या स्पष्टपणे दाखवणारी कथा विरळा. अकितोचे परिवर्तन शेवटी जरा घाईत उरकले आहे, हा आक्षेप मात्र मान्य करावा लागतो. २००१ ची अ‍ॅनिमे मालिका अपुरी असल्याने २०१९ ते २०२१ या काळातली पूर्ण मालिका पाहावी.

‘नाना’मध्ये नेमके कोणते नाते घातक आहे?

जवळजवळ सगळीच, आणि कोणतेही पूर्णपणे नाही. आई याझावा यांची ही मांगा २००० साली शुएइशाच्या ‘कुकी’ मासिकात सुरू झाली. नाना नावाच्या दोन तरुणींची ही कथा आहे आणि त्यांतल्या एकीला हाची या टोपणनावाने ओळखतात. हाचीला प्रेमात असणे हीच गरज आहे. प्रियकर शोजी दुसरीच्या प्रेमात पडून दुरावल्यावर ती आपल्या आवडत्या बँडमधल्या ताकुमीकडे ओढली जाते. नोबुच्या रूपाने तिला खरी माया मिळू लागते, तोच दिवस गेल्याचे कळते आणि बाप कोण हे तिला खात्रीने सांगता येत नाही. ताकुमी क्षणात जाहीर करतो की मूल कोणाचेही असो, जबाबदारी माझी. नोबु गोठून उभा राहतो. व्यवहारात ताकुमी योग्य ठरतो, आणि त्याच जबाबदारीच्या जोरावर तो हाचीचे आयुष्य आपल्या ताब्यात घेतो, बाहेरच्या स्त्रियाही सोडत नाही. आधार आणि ताबा एकाच हाताने दिले जातात तेव्हा बाहेर पडणे किती कठीण असते, ते याझावा यांना पुरते ठाऊक आहे.

दुसऱ्या नानाचे आपला प्रियकर रेन याच्यावरचे प्रेम गुदमरवणारे आहे आणि हाचीवरचा तिचा हक्कही. पंधरा वर्षांचा शिन आणि त्याच्याहून बरीच मोठी रेइरा यांचे प्रकरण मात्र हळवेपणाने रंगवले असले तरी अत्याचारातच मोडते.

जपानमध्ये पाठलाग किंवा जोडीदाराची हिंसा सर्रास खपवून घेतली जाते, असे या कथांवरून समजावे का?

समजू नये. सैतामा प्रांतातल्या ओकेगावा येथे १९९९ मध्ये पोलिसांकडे तक्रार करूनही एका तरुणीची हत्या झाली आणि त्यानंतर २००० मध्ये पाठलागविरोधी कायदा आला. जोडीदाराकडून होणाऱ्या हिंसेविरुद्धचा कायदा २००१ चा आहे आणि २०२३ च्या दुरुस्तीने मानसिक छळालाही संरक्षण-आदेशाच्या कक्षेत आणले. कथा आणि कायदा यांची चाल सारखी नसते, हे हिंदी-मराठी चित्रपटांतला नायिकेचा पिच्छा पुरवणारा नायक पाहत वाढलेल्यांना वेगळे सांगायला नको.

मुलांना काय वाचू द्यावे?

मुखपृष्ठावर भरवसा ठेवू नये. मूळ नियतकालिक कोणत्या वाचकांसाठी आहे ते पाहावे. ‘नाकायोशी’ लहान मुलींचे आहे, ‘बेसात्सु मार्गारेट’ किशोरींचे, ‘कुकी’ तरुणींचे, तर ‘बिग गांगान’ प्रौढ वाचकांचे. ‘कुझु नो होन्काई’चे नाजूक जलरंगी मुखपृष्ठ पाहून ती बारा वर्षांच्या मुलीला भेट देऊ नये. ती सज्ञान वाचकांसाठीच आहे.

‘नाना’ पूर्ण झाली आहे का?

नाही. लेखिकेच्या आजारपणामुळे ती २००९ पासून थांबलेली आहे आणि तिचे २१ खंड निघाले आहेत. २००६-०७ ची ४७ भागांची अ‍ॅनिमे मालिका मांगाच्याही बरीच आधी थांबते, म्हणून ती पाहून झाल्यावर पुढची कथा पुस्तकांतूनच वाचावी लागते.